ओझं दिसलं पाहिजे: व्हेलाच्या ‘श्रमाचे बळी’वरून उठावशिल्प शिकताना

१८८३ साली झुरिचच्या स्विस राष्ट्रीय प्रदर्शनात प्लॅस्टरचं एक मोठं उठावशिल्प मांडलं गेलं. बोगद्यातले मजूर आपल्या मेलेल्या सोबत्याला स्ट्रेचरवरून बाहेर आणत आहेत, एवढाच त्याचा विषय. देवदूत नाही, ध्वज नाही, ‘श्रम’ नावाची रूपकातली देवीही नाही. शिल्पाचं नाव ‘श्रमाचे बळी’ आणि शिल्पकार व्हिन्चेंझो व्हेला.

व्हेला १८२० साली लिगोर्नेत्तो गावी जन्मला. हे गाव तिचिनो या इटालियन बोलणाऱ्या स्विस प्रांतातलं. लहानपणीच तो दगडाच्या खाणीत कामाला लागला. शिल्पकार म्हणून मिलानमध्ये घडला, १८५२ साली ऑस्ट्रियन सत्तेने तिथून घालवल्यावर तुरिनच्या अकादमीत शिकवू लागला. इटालियन शिल्पकलेच्या इतिहासातच त्याची जागा आहे. १८६७ साली तो गावी परतला आणि पुढे हे शिल्प त्याने कुणीही मागितलेलं नसताना केलं. निमित्त गोट्टहार्डच्या रेल्वे बोगद्याचं. १५ किलोमीटर लांबीचा हा बोगदा १८७२ ते १८८२ या काळात खोदला गेला, मुख्यतः इटालियन मजुरांच्या हातांनी. आत तापमान ३० अंशांच्या वर, डायनामाइटचा धूर, पायाखाली घाण पाणी. अंकुशकृमीमुळे होणाऱ्या पंडुरोगाने मजूर खंगले, अपघातांत जवळपास दोनशे मेले. १८७५ साली बोगद्याच्या उत्तर तोंडाशी, ग्योशेनेन इथे संप झाला, तेव्हा झालेल्या गोळीबारात चार मजूर ठार झाले.

ज्यांना अशा विषयावर उठावशिल्प करायचं आहे, म्हणजे कामगार संघटनेच्या इमारतीसाठी, गिरणीच्या जागी, धरणाच्या काठी किंवा विद्यार्थ्याला स्वतःच्या अभ्यासासाठी, त्यांच्यासाठी ही रीत लिहिली आहे. फळीचं माप १२० × ९० सेंटिमीटर धरलं आहे. सगळे आकडे त्याच मापाचे आहेत. माप बदललं तर माती, पीओपी, मेण आणि धातू यांची वजनं साधारण क्षेत्रफळाच्या प्रमाणात बदलून घ्या.

आधी ओझं उचलून बघा

श्रमिकांची बहुतेक शिल्पं मातीत हात घालण्याआधीच फसतात. रिकामी पाटी डोक्यावर ठेवून मॉडेल उभं केलं जातं आणि शिल्पात नेमकी रिकामी पाटीच उतरते. दंड फुगलेले, छाती पुढे, पण पाटीत काहीच नाही. हे टाळायला एकच उपाय आहे. खरं वजन उचलायला लावा आणि तेव्हा रेखाटनं करा.

स्ट्रेचरचा प्रसंग असेल तर दोन बांबू आणि मधे गोणपाट घ्या. त्यावर वाळूच्या तीन पिशव्या ठेवा, प्रत्येकी २० किलोच्या. एक छातीखाली, एक कमरेखाली, एक मांड्यांखाली. दोन माणसांनी उचलून दहा पावलं चालायचं, मग खाली ठेवायचं. पाठीचं दुखणं असलेल्या माणसाला हे करायला लावू नका. समोरून, बाजूने आणि मागून असे तीन कोनांतले फोटो घ्या. शेवटच्या तीन पावलांचे फोटो सर्वांत उपयोगी असतात, कारण तोवर अभिनय संपून गेलेला असतो.

या फोटोंत काय शोधायचं? हात सरळ ताणलेले असतात, कोपर वाकलेलं नसतं. मेलेलं वजन कुणी दंडाच्या जोरावर धरत नाही, ते हाडांना आणि सांध्यांना टांगलेलं असतं. बोटं आकड्यासारखी वळलेली, अंगठा जवळजवळ सैल. खांदे खाली ओढले गेलेले, त्यामुळे मान लांब दिसते आणि कानापासून खांद्यापर्यंतचा स्नायू दोरीसारखा उठतो. पुढच्या माणसाचं ओझं त्याच्या पाठीमागे असतं, म्हणून तो पुढे झुकतो. मागच्याचं ओझं त्याच्या समोर असतं, म्हणून तो मागे रेलतो. दोघांचेही गुडघे किंचित वाकलेले, पावलं आखूड आणि एकमेकांपासून फाकलेली. हे दोन उलटे झोक शिल्पात आले, की बघणाऱ्याला स्ट्रेचर जड आहे हे सांगावं लागत नाही.

स्ट्रेचरवरच्या देहाकडे वेगळं लक्ष द्या. झोपलेला माणूस आणि मेलेला माणूस यांत शिल्पकाराने गल्लत करता कामा नये. मृत देहाचं डोकं जिकडे उतार तिकडे कलतं, पावलं बाहेरच्या बाजूला पडतात, लोंबणारा हात पूर्ण सरळ नसतो, बोटं अर्धवट मिटलेली राहतात. कापडाचा झोळ सर्वांत खोल कमरेखाली असतो. तो झोळ सपाट काढला तर देह बांबूंवर तरंगल्यासारखा वाटतो. विद्यार्थ्यांच्या कामात ही चूक हमखास दिसते.

आणि एक गोष्ट तंत्राबाहेरची, पण टाळता येण्यासारखी नाही. खऱ्या दुर्घटनेवर काम करत असाल तर मृतांच्या घरच्यांना विचारल्याशिवाय कुणाचाही ओळखू येईल असा चेहरा घेऊ नका. ते नको म्हणाले तर मान खाली घातलेले, टोपीआड किंवा खांद्याआड गेलेले चेहरे करा.

खोलीचा हिशेब

उठावशिल्पात खरी खोली आपल्याकडे नसते. या मापाच्या फळीवर सर्वांत पुढचा भाग १४ सेंटिमीटरपेक्षा जास्त बाहेर काढू नका, साचा आणि ओतकाम दोन्ही अवघड होतात. या १४ सेंटिमीटरमध्ये तीन पातळ्या बसवायच्या. पुढची आकृती १० ते १४, मधली ५ ते ७, मागची दीड ते दोन सेंटिमीटर. त्याच्याही मागे जे काही असेल, म्हणजे खडक किंवा टेकूचं लाकूड, ते चार-पाच मिलिमीटरच्या चरांनी सुचवा.

पातळ्या समान अंतरावर ठेवू नका. पुढची आणि मधली यांच्यात मोठी उडी हवी, मधली आणि मागची यांच्यात लहान. समान पायऱ्या केल्या तर माणसं पुठ्ठ्याची कापून एकामागे एक चिकटवल्यासारखी दिसतात. दुसरं, एकाच आकृतीतही खोली सगळीकडे सारख्या प्रमाणात दाबू नका. क्रम मात्र कधी मोडायचा नाही. नाक गालाच्या पुढे, गाल कानाच्या पुढे, पुढचा खांदा मागच्या खांद्याच्या पुढे. दीड सेंटिमीटरच्या आकृतीतही हा क्रम टिकला तर डोळा ती पूर्ण गोल मानतो.

व्हेलाचं शिल्प उंच उठावाचं आहे आणि ते विषयाला धरून आहे. खोल सावल्या पडतात तेव्हाच बोगद्याचा काळोख जाणवतो. सपाट उठावात हा प्रसंग सभ्य आणि शोभिवंत होऊन बसेल.

मोठ्या फळीआधी ३० × २२.५ सेंटिमीटरचा नमुना करा. त्याला चार किलो माती पुरते. यात चेहरे, बोटं काही करू नका. फक्त झोक, पातळ्या आणि मोकळ्या जागा. नमुना बरोबर वाटला की अंधाऱ्या खोलीत नेऊन एकाच दिव्याच्या उजेडात बघा. दिवा वरून एका बाजूने, साधारण ४५ अंशांवर. मग दिवा हळूहळू समोर आणा. समोरच्या उजेडात उठावशिल्प पुसलं जातं, हे एकदा डोळ्यांनी बघून ठेवलेलं बरं. शिल्प शेवटी जिथे लागणार तिथे उजेड कुठून येतो ते आधीच जाऊन बघा आणि काम करताना दिवा त्याच बाजूला ठेवा. उत्तरेकडे तोंड असलेल्या भिंतीवर थेट ऊन फार कमी पडतं, तिथे चर दीडपट खोल घ्यावे लागतात.

फळी आणि आधार

१८ मिलिमीटर जाडीचा मरीन प्लाय घ्या आणि मागून ५० × ५० मिलिमीटरच्या चार आडव्या, दोन उभ्या पट्ट्या स्क्रूने बसवा. खिळे वापरू नका, ही फळी पुढे सोडवायची आहे. पुढच्या बाजूला शेलॅकचे (लाखेच्या रोगणाचे) दोन हात द्या, नाहीतर लाकूड मातीतलं पाणी ओढून घेतं आणि फळीलगतची माती आधी सुकून सुटते. तळाशी १५ सेंटिमीटर रुंदीचं लाकडी ओठंगण हवंच, सगळी माती त्याच्यावर बसते. फळी भिंतीला टेकवताना मागे ५ ते ८ अंश कललेली ठेवा.

दोन इंची खिळे १०-१० सेंटिमीटरवर अर्धे ठोका आणि त्यांच्यातून २० गेजची जीआय तार नागमोडी फिरवा. जिथे आकृती ८ सेंटिमीटरच्या पुढे येणार तिथे एवढ्याने भागत नाही. तिथे ६ मिलिमीटरची लोखंडी सळी फळीतून आरपार घालून मागे वळवा आणि तिला ‘फुलपाखरं’ टांगा. ही म्हणजे दोन लाकडी चिपा तारेने अधिकच्या चिन्हासारख्या बांधून केलेली अडकण. माती खाली सरकू लागली की ती धरून ठेवते. सळी शेवटच्या पृष्ठभागापासून किमान तीन सेंटिमीटर आत राहिली पाहिजे. नंतर ‘गाल थोडा आत घेऊ’ म्हणताना सळी बाहेर आली तर सगळी आकृती उतरवावी लागते.

माती

साधारण ११० ते १२० किलो भिजलेली माती लागेल. निव्वळ शाडू उभ्या फळीवर मोठ्या जाडीला नीट धरत नाही आणि लवकर सुकते. दोन भाग कुंभारी चिकणमाती आणि एक भाग शाडू असं मिश्रण या कामाला चांगलं पडतं. तीन दिवस भिजवा, तुडवा, खडे काढा. हाताला चिकटत नाही पण बोटाभोवती गुंडाळली तर तडकत नाही, अशी झाली की घ्या.

पहिला तीन सेंटिमीटरचा थर मुठीने खिळ्यांमध्ये दाबून भरा, हवा राहू देऊ नका. त्यावर आकृत्यांच्या बाह्यरेषा काठीने आखा. मग सगळीकडे एकदम वाढवत जा. एक चेहरा पूर्ण करून दुसऱ्याकडे जाणं चुकीचं आहे. शेवटी चेहरा छान आणि खोली चुकलेली, असं होतं आणि छान चेहरा मोडवत नाही.

कपडे शेवटी करा, पण अंग पूर्ण झाल्यावर. घामाने भिजलेलं कापड खांद्याला आणि पाठीला चिकटतं, घड्या ताणाच्या ठिकाणापासून सुटतात, म्हणजे काख, कोपर आणि कमरेची गाठ इथून. हवेत फडफडणाऱ्या घड्या इथे शोभत नाहीत. बोगद्यात वारा नसतो.

ब्राँझ ओतायचं असेल तर सगळे चर दोन-तीन मिलिमीटर जास्त खोल ठेवा. पांढऱ्या प्लॅस्टरमध्ये उजेड सावलीतही परततो, त्यामुळे बारीक फरकही कळतो. काळ्या ब्राँझमध्ये फक्त उंचवटे चमकतात, मधल्या छटा नाहीशा होतात. मातीत किंचित कठोर वाटणारं काम ब्राँझमध्ये बरोबर येतं.

रोज काम संपल्यावर फवारा मारा, ओलं सुती कापड आणि त्यावर प्लॅस्टिक. पुढे आलेल्या भागांवर ओलं कापड थेट टेकू देऊ नका, काड्या रोवून त्यांच्यावर प्लॅस्टिक ताणा. नाक, बोटं आणि पायाचे अंगठे आधी सुकतात, त्यांना दुपारीही एकदा पाणी लागतं.

एकवेळचा साचा

एकच प्रत हवी असेल तर पीओपीचा फोडायचा साचा, म्हणजे आत प्रत भरल्यावर फोडून काढायचा साचा, सर्वांत स्वस्त आणि खोल कंगोऱ्यांना सर्वांत इमानदार. व्हेलाच्या काळी हीच वाट होती: मातीवरून प्लॅस्टर, आणि प्लॅस्टरवरून पुढे संगमरवर किंवा ब्राँझ. त्याची मूळ प्लॅस्टरं लिगोर्नेत्तोच्या त्याच्या घरात, आता संग्रहालयात, बघायला मिळतात. ‘श्रमाचे बळी’चं मूळ प्लॅस्टरही तिथेच आहे.

साचा आणि प्रत मिळून २५ किलोची तीन पोती पीओपी घ्या, ताजं. पावसाळ्यात महिनाभर उघडं राहिलेलं पोतं वापरू नका. दमट हवेने ते आधीच निम्मं मेलेलं असतं, मग ते एकतर गुठळ्यांत जमतं किंवा जमतच नाही आणि खडूसारखं भुसभुशीत राहतं. आधी वाटीभर कालवून बघा. वीस मिनिटांत नखाने ओरखडा कठीण गेला पाहिजे.

प्रमाण १ लिटर पाण्याला १.४ किलो. पीओपी पाण्यात भुरभुरवायचं, पाणी पीओपीत ओतायचं नाही. दोन मिनिटं शांत ठेवा, मग हात तळाशी घालून हलवा. पृष्ठभाग घुसळला तर बुडबुडे येतात आणि तेच बुडबुडे प्रतीवर पुटकुळ्या बनून बसतात. घट्ट होऊ लागलेलं मिश्रण पाणी घालून सैल करू नका, ते टाकून द्या. त्याच्यात ताकद उरलेली नसते.

पहिल्या थराच्या पाण्यात चिमूटभर कपड्यांची नीळ घाला, फक्त फिकट आकाशी रंग येईल इतकी. जास्त घातली तर डाग प्रतीत उतरतो. हा थर पाच ते आठ मिलिमीटरचा, बोटांनी झटकून मारलेला, म्हणजे नाकपुड्या आणि घड्यांच्या खोबणींत शिरतो. तो जमला की पुढे आलेले भाग सोडून त्यावर मातीचं पातळ पाणी फिरवा, मग वरचा पांढरा थर नंतर सहज सुटतो. पांढरा थर दोन सेंटिमीटरचा, त्यात काथ्या आणि वरून शेलॅक लावलेल्या १२ मिलिमीटरच्या चार सळ्या. शेलॅक विसरलात तर गंज पाझरतो.

आता सर्वांत धोक्याचं काम. माती, फळी आणि ओला साचा मिळून वजन २०० किलोंच्या वर जातं. आडवं करायला सहा माणसं हवीत आणि जमिनीवर वाळूच्या पिशव्यांची गादी हवी. प्लॅस्टरची बाजू खाली. आधी सळ्यांचे मागे वळवलेले शेंडे कापा, मग फळीचे स्क्रू सोडवून फळी उचला आणि माती मागून काढत चला. पातळ भागांत लाकडी कोरणीच वापरा. सळ्या आणि फुलपाखरं ओढू नका, आजूबाजूची माती काढून मोकळी करा. मग पाण्याने आणि मऊ ब्रशने धुवा.

साचा ओला असतानाच साबणाच्या पाण्याचे तीन हात, प्रत्येक हातानंतर फेस पूर्ण टिपून घ्या. वरून तेलाचा अगदी पातळ हात. साबण कोपऱ्यांत साठला तर डोळ्यांच्या कडा गोलावतात. प्रतीसाठी आधी ब्रशने पीओपीचा एक थर, मग पीओपीत बुडवलेला काथ्या, एकूण जाडी दीड ते दोन सेंटिमीटर. मागे चौकटीसारख्या सळ्या.

दुसऱ्या दिवशी उभं करून फोडा. बोथट १२ मिलिमीटरची छिन्नी, पृष्ठभागाला काटकोनात, हलक्या ठोक्याने. वरून खाली या. निळा थर दिसला की हात आवरा, तुम्ही शिल्पापासून अर्ध्या सेंटिमीटरवर आहात. बोटं, नाक आणि लोंबणारा हात शेवटी मोकळे करा, तोवर साच्यानेच त्यांना आधार मिळतो. तुटलेला तुकडा फेकू नका, पाण्यात भिजवून सैल पीओपीने तासाभरात जोडता येतो.

एकाहून जास्त प्रती हव्या असतील तर सिलिकॉन रबर घ्या. प्लॅटिनमवर जमणारं सिलिकॉन गंधकयुक्त प्लास्टिसिनवर जमत नाही, चिकट राहतं. ओल्या मातीवर टिनवर जमणारं चालतं.

ब्राँझकडे

ब्राँझसाठी आधी शिल्पाची पोकळ मेणाची प्रत करतात, मग मेण वितळवून त्याच्या जागी धातू ओततात. ओतशाळेत जाताना आकडे माहीत असले पाहिजेत. या मापाच्या शिल्पाचा पृष्ठभाग उंचवटे धरून साधारण दीड चौरस मीटर. मेणाची जाडी पाच मिलिमीटर धरली तर सात किलो मेण आणि त्याच्या साडेनऊपट, म्हणजे ६५ ते ७० किलो ब्राँझ, रनर-रायझर, म्हणजे धातू आत नेणाऱ्या आणि वर येऊ देणाऱ्या वाटांमधला धातू, वेगळे. जाडी आठ मिलिमीटर झाली तर धातूचं वजन १०० किलोंच्या वर जातं, बिलही. शिवाय जाड भाग उशिरा थंड होऊन खचतात. म्हणून मेण ओतल्यावर प्रत्येक भागाची जाडी सुईने टोचून तपासा, विशेषतः डोकं आणि खांदे, तिथे मेण साठतं.

मेण आणि धातू दोन्ही आकसतात. एकूण दोन ते तीन टक्के धरा, म्हणजे १२० सेंटिमीटरचं ब्राँझ ११७ च्या आसपास येईल. भिंतीतला कोनाडा आधी बांधून ठेवू नका.

पॅनेल दोन किंवा चार तुकड्यांत ओतलं जाईल. सांधे कुठून जाणार हे शिल्पकाराने सांगायचं, ओतकामगारावर सोडायचं नाही. सांधा घडीच्या काठाने किंवा बांबूच्या कडेने न्या. गालावरून किंवा सपाट पाठीवरून गेलेला सांधा कितीही घासला तरी वर्षभराने वेगळ्या रंगाने उठून दिसतो.

रंग गडद तपकिरी, मंद. चकचकीत पॉलिश इथे करू नका. ऐरोलो स्थानकाशी, बोगद्याच्या दक्षिण तोंडाजवळ, १९३२ साली व्हेलाच्या शिल्पाची ब्राँझ प्रत बसवली गेली, रेल्वेला पन्नास वर्षं झाली तेव्हा. म्हणजे व्हेलाच्या मृत्यूनंतर एक्केचाळीस वर्षांनी ते शिल्प त्या मजुरांच्या कामाच्या जागी पोचलं. तुमचं शिल्पही शक्यतो कामाच्या जागीच लावण्याचा आग्रह धरा, कार्यालयाच्या दालनात नाही.

नावं कोरताना

मृतांची नावं देणार असाल तर ती शिल्पाच्या आत नको, खाली वेगळ्या पट्टीवर द्या. दोन-तीन मीटरवरून वाचायचं तर देवनागरी अक्षराची उंची शिरोरेषेपासून किमान २५ मिलिमीटर, उठाव चार मिलिमीटर. दोन ओळींमध्ये अक्षराच्या उंचीइतकीच जागा सोडा, कारण खालचे उकार आणि वरच्या वेलांट्या एकमेकांना भिडतात. अनुस्वाराचा टिंब चार मिलिमीटर व्यासाचा ठेवा. त्याहून लहान टिंब ओतताना भरत नाही किंवा घासताना उडतो आणि माणसाचं नाव चुकतं. रफारातली पोकळी दीड मिलिमीटरपेक्षा कमी नको, मेणातच बुजते.

नावांची यादी घरच्यांकडून किंवा हजेरीपटावरून तपासा, आडनावांसह, आणि ठेकेदाराकडच्या मजुरांची नावं त्यात आहेत का ते पुन्हा विचारा. यादीतून हीच नावं बहुतेकदा गळतात. मेण ओतण्याआधी पट्टीचा कागदावर पूर्ण मापाचा छाप काढून घरच्यांना दाखवा. ब्राँझमध्ये गेलेलं अक्षर दुरुस्त होत नाही.